मंत्राची रिंगटोन: नामस्मरण की नुसती कटकट?

आडमुठा: काल इथे कुणी लिहिलं, "मंत्राची रिंगटोन लावली की दिवसभर आपोआप नामस्मरण घडतं. ज्यांना खुपतं त्यांना देवाचंच वावडं." राहवेना म्हणून लिहितोय. परवा एका दहाव्याला गेलो होतो. पिंड मांडलेले, कावळा शिवेना, सगळे चिडीचूप. तेवढ्यात एकाच्या खिशातून 'त्र्यंबकं यजामहे'. महामृत्युंजय, आणि तो दहाव्याला! गृहस्थ खिसे चाचपतायत, चष्म्याचं घर निघालं, किल्ल्या निघाल्या, फोन काही निघेना. शेवटी 'उर्वारुकमिव'वर कापला. काकडी देठातून सुटते तसा मृत्यूतून सुटू दे, हे मागणं. सुटका राहिली, काकडी तेवढी झाली.

भाबडा: भागवताचा सहावा स्कंध वाचा. अजामिळाने यमदूतांना घाबरून पोराला 'नारायणा' अशी हाक मारली, तरी तरला. चुकून घेतलेलं नाव चालतं, मग मुद्दाम लावलेलं का नाही?

आडमुठा: त्याने स्वतःच्या तोंडाने हाक मारली होती. तुमच्या वतीने फोन म्हणतो. आता एकादशीही फोनकडूनच करवून घ्या, चार्जिंगला लावू नका.

अनुदात्त: मूळ दुखणं वेगळंच आहे. ऋचेला उदात्त, अनुदात्त, स्वरित असे उच्चाराचे ठरलेले स्वर असतात. यांनी गायत्रीला भावगीताची चाल लावली, मागे सिंथेसायझर. हे आधी बंद करा.

दाराआडची: स्वरांची एवढी चाड असलेल्या घरातच माझी आई वाढली. आजोबा मामांना संध्या शिकवायचे, ती कणकेच्या हातांनी दाराआड उभी राहून ऐकायची. मोठ्याने म्हटली की ओरडा. आज तिच्या फोनवर गायत्री आहे. फोन हातात असला तरी 'प्रचोदयात्' होईपर्यंत ती उचलत नाही.

अनुदात्त: विषय रिंगटोनचा आहे. बायकांचा अधिकार कुठून आला मध्येच?

दाराआडची: तुम्ही स्वर आणलेत, मी आई आणली.

भाबडा: 👏 आणि ऋग्वेदात घोषा, अपाला यांच्या नावावर सूक्तं आहेत, त्यांना कुणी दाराआड ठेवलं होतं?

अनुदात्त: घोषेच्या खिशात फोन नव्हता.

दाराआडची: तिला गप्प बसवणारे आजोबाही नव्हते.

आडमुठा: बरं, आईंना सूट. दहाव्यातल्या गृहस्थांना नाही.

दाराआडची: उपकार झाले. तिला सांगते, परवानगी मिळाली. आम्ही फोन केला की गायत्रीची २४ अक्षरं मुकाट्याने थांबतो.

अनुदात्त: रिंगटोनमध्ये २३ च असणार. 'वरेण्यं'चं 'वरेणियं' म्हटलं तर २४ भरतात. ऐकून बघा.