५० लाखांचं गृहकर्ज: शेवटी नक्की किती पैसे जातात?

मुळाकाठ:
पुण्यात भोगवटा प्रमाणपत्र (ओसी) मिळालेला टू बीएचके बघतोय. करारनाम्याची रक्कम ६५ लाख, कर्ज ५० लाख, दर ८.५ टक्के फ्लोटिंग, म्हणजे बदलता. बँकेने २० वर्षांसाठी हप्ता ४३,३९१ सांगितलाय. बँकेचा प्रतिनिधी म्हणतो ३० वर्षं मुदत घ्या, हप्ता ३८,४४६ वर येईल, पैसे आले की मधे कधीही भरून टाका. शिवाय दीड लाखाचा कर्जविमा "घ्यावाच लागतो" आणि तो कर्जातच जोडून देऊ, असंही सांगतो.

मला हप्ता परवडतो की नाही हे कळतंय. कळत नाहीये ते हे, की हे घर शेवटी मला कितीला पडणार? आणि तो आकडा कशाकशाने फुगतो? जाणकारांनी आकड्यांसकट सांगावं.

हिशेबवही:
आधी कोरडा हिशेब. ४३,३९१ गुणिले २४० म्हणजे १ कोटी ४ लाख १४ हजार. त्यात ५० लाख मुद्दल, ५४.१४ लाख व्याज. हेच ३० वर्षांत एकूण १ कोटी ३८ लाख ४० हजार, म्हणजे व्याज ८८.४ लाख. महिन्याला ४,९४५ रुपये वाचवण्यासाठी ३४ लाखांहून जास्त व्याज वाढतं. उलट १५ वर्षं घेतलीत तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८.६३ लाख.

असं का होतं ते पहिल्या हप्त्यातच दिसतं. ५० लाखांवर ८.५ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज ३५,४१७. हप्ता ४३,३९१. म्हणजे मुद्दलातून उतरले फक्त ७,९७४. पहिल्या वर्षात तुम्ही ५.२१ लाख भरता आणि कर्ज कमी होतं ९९,५१० रुपयांनी. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला १४३ वा हप्ता उजाडतो, जवळजवळ बारा वर्षं. दहा वर्षं नियमित भरल्यावरही ३५ लाख बाकी असतात. सातव्या-आठव्या वर्षी घर विकायला काढणारे बाकीचा आकडा बघून हबकतात ते यामुळेच. बँकेने काही लबाडी केलेली नसते, गणितच तसं आहे.

आता ३० वर्षांची गोष्ट. हप्त्याचा ताण ३० वर्षांत कमी होतो हे खरं. पण कमी केलेला हप्ता आणि वाढलेली मुदत यांचं नातं असं आहे, की हप्ता जितका व्याजाच्या जवळ सरकतो तितकी मुद्दल हलेनाशी होते. ३८,४४६ मधून पहिल्या महिन्यात मुद्दलात जातात ३,०२९ रुपये. पहिल्या पाच वर्षांत दर वाढले तर एवढीशी फट बुजायला वेळ लागत नाही. कर्ज बघताना हप्ता किती यापेक्षा महिन्याला मुद्दल किती उतरते हे विचारा. खऱ्या खर्चाचं मूळ तिथे आहे.

एक्सेलमध्ये स्वतः करून बघा. पीएमटी फंक्शनमध्ये दर भागिले १२, एकूण महिने आणि कर्जाची रक्कम टाकली की हप्ता मिळतो. एनपीईआरने उरलेले महिने काढता येतात. ही दोन फंक्शनं आली की बँकेच्या कुठल्याही आकड्याची पडताळणी घरबसल्या होते.

रेपोवाला:
हिशेबवहींचे आकडे बरोबर आहेत, पण ते दर २० वर्षं ८.५ च राहील असं धरून. तो राहत नाही.

मे २०२० पासून रेपो दर (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो) ४ टक्के होता. मे २०२२ ला वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ वर पोचला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. २०२५ मध्ये उतरला: फेब्रुवारीत ६.२५, एप्रिलमध्ये ६, जूनमध्ये ५.५. वीस वर्षांच्या कर्जात असे चढउतार अनेकदा येणार, हे धरूनच चाला.

दर वाढला की बँका बहुधा हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवतात. तुमच्याच कर्जात सुरुवातीलाच दर ९.५ झाला आणि हप्ता ४३,३९१ च ठेवला, तर २४० हप्त्यांचे ३०९ होतात. पावणेसहा वर्षं जास्त. व्याज ५४ लाखांवरून सुमारे ८४ लाखांवर. खिशातून महिन्याला जाणारी रक्कम तीच, त्यामुळे घरात कोणाला काही जाणवत नाही. एका टक्क्याची किंमत ३० लाख.

त्याहून वाईट म्हणजे व्याजच हप्त्यापेक्षा जास्त होणं. ६.७५ टक्क्यांनी ५० लाखांचा २० वर्षांचा हप्ता ३८,०१८ येतो. दर ९.२५ झाला तर ५० लाखांवरचं नुसतं व्याज महिन्याला ३८,५४२. म्हणजे हप्ता भरूनही कर्ज वाढणार. २०२२-२३ मध्ये बँकांना अनेकांचे हप्ते वाढवावे लागले त्याचं कारण हे.

यावर रिझर्व्ह बँकेचं १८ ऑगस्ट २०२३ चं परिपत्रक आहे. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायलाच हवा. दर तिमाहीला विवरणपत्र मिळायला हवं: आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल, व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर. ते उघडून "उरलेले हप्ते" हा एक आकडा आधी बघा. तिमाहीत तो तीनने कमी झालेला नसेल तर मुदत वाढलेली आहे. लगेच शाखेत लेखी अर्ज द्या की हप्ता वाढवा, मुदत मूळची ठेवा. दर उतरतो तेव्हाही हप्ता कमी करून घेऊ नका, मुदत कमी करून घ्या.

आणखी एक. १ ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाह्य मानकाला, म्हणजे बँकेबाहेर ठरणाऱ्या दराला, जोडलेली असतात, बहुतेक ठिकाणी रेपोला, आणि दर किमान तीन महिन्यांतून एकदा बदलावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हा नियम नाही. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या प्राइम लेंडिंग रेटवर चालतो, त्यामुळे रेपो उतरल्याचा फायदा तिथे उशिरा आणि अर्धामुर्धा पोचतो. दोन्हीकडे आज ८.५ असला तरी ही दोन कर्जं सारखी नाहीत. सँक्शन लेटरमध्ये (कर्जमंजुरीच्या पत्रात) मानक कोणतं, स्प्रेड (मानकावर बँक जोडते ते टक्के) किती आणि दर कधी बदलणार या तीन ओळी शोधा. "आजचा दर" ही ओळ सगळ्यात कमी कामाची.

दस्तनोंदणी:
सुरुवातीचे खर्च मी लिहितो, कारण हे बँकेच्या कोष्टकात येतच नाहीत.

पुण्यात मुद्रांक शुल्क ७ टक्के, स्थानिक संस्था आणि मेट्रोचा अधिभार धरून. ६५ लाखांवर ४.५५ लाख. नोंदणी शुल्क १ टक्का पण कमाल ३०,०००. घर फक्त महिलेच्या किंवा महिलांच्या नावावर घेतलं तर १ टक्का सवलत, म्हणजे ६५,००० वाचतात. नवरा-बायकोच्या संयुक्त नावाला ती मिळत नाही. ओसी मिळालेलं घर असल्यामुळे जीएसटी नाही. बांधकाम चालू असतं तर ५ टक्के लागला असता. (रेडी रेकनरचं, म्हणजे सरकारी दरपत्रकाचं, मूल्य ६५ लाखांपेक्षा जास्त असेल तर मुद्रांक त्या मूल्यावर, हे आधी तपासा.)

कर्जासाठी मूळ कागद बँकेकडे गहाण ठेवले की त्यावरही मुद्रांक आहे, कर्जाच्या ०.३ टक्के. ५० लाखांवर १५,०००. त्याची नोटीस ऑफ इंटिमेशन (गहाणाची सूचना) ३० दिवसांत दुय्यम निबंधक कार्यालयात दाखल करायची असते, त्याचं शुल्क वेगळं. प्रोसेसिंग फी ०.३५ टक्के धरली तर १७,५०० आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, एकूण २०,६५०. वकिलाचा सर्च रिपोर्ट आणि मूल्यांकन कधी यात धरलेलं असतं, कधी नसतं.

म्हणजे स्वतःचे १५ लाख तयार ठेवून भागत नाही, २० लाखांहून थोडे जास्त हाताशी हवेत. मुद्रांक आणि नोंदणीचे पैसे गृहकर्जात धरले जात नाहीत. ही तूट वैयक्तिक कर्ज काढून भरली की सगळा हिशेब कोलमडतो, कारण त्याचा दर गृहकर्जापेक्षा बराच वर असतो आणि दोन हप्ते एकदमच सुरू होतात.

विमा सक्तीचा नाही. दीड लाखाचा एकरकमी हप्ता कर्जात जोडला तर महिन्याला १,३०२ वाढतात आणि २० वर्षांत त्या दीड लाखाचे ३.१२ लाख होतात. कर्ज घेतलंय तर आयुर्विमा हवाच, पण वेगळा टर्म प्लॅन घ्या. कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी तो तुमच्याजवळ राहतो. प्रतिनिधी अडून बसला तर "विमा सक्तीचा आहे हे लेखी द्या" एवढंच सांगा.

१ ऑक्टोबर २०२४ पासून केएफएस, म्हणजे कर्जाचं मुख्य तथ्य विवरणपत्र, देणं बंधनकारक आहे. त्यात एपीआर, म्हणजे सगळे खर्च धरून येणारा वार्षिक दर, असतो. फी आणि बँकेमार्फत घेतला जाणारा विमा त्यात मोजलेला असतो. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतल्या दरांची नको, या एपीआरची करा. मात्र मुदत सारखी असेल तरच.

मुळाकाठ:
खूप धन्यवाद. तीस वर्षं रद्द, विमाही रद्द. आता पुढचं. दरवर्षी बोनसचे दीड-दोन लाख उरतात. ते कर्जात भरावेत का, आणि भरल्यावर हप्ता कमी करून घ्यावा की मुदत? आयकरातली सूट जाईल असं भाऊ म्हणतोय.

हिशेबवही:
मुदत. एका वर्षानंतर २ लाख भरले असं धरू. हप्ता तोच ठेवला तर पुढचे २१ हप्ते गळतात आणि व्याजात सुमारे ७.३ लाख वाचतात. तेच २ लाख भरून हप्ता कमी केला तर तो ४१,६२० होतो आणि एकूण बचत जेमतेम २ लाख. काही बँकांच्या ॲपमध्ये पार्ट पेमेंट करताना हा पर्याय विचारला जातो, काही ठिकाणी लेखी द्यावं लागतं. भरून झाल्यावर नवं परतफेडीचं वेळापत्रक मागवून शेवटच्या हप्त्याची तारीख तपासा.

एकरकमी जमणार नसेल तर दरवर्षी एक जादा हप्ता. २० वर्षांचं कर्ज सुमारे १६ वर्षं ९ महिन्यांत संपतं, १० लाखांवर व्याज वाचतं. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवत नेलात तर सव्वाबारा वर्षांच्या आसपास. हे सुरुवातीच्या वर्षांत करण्याला अर्थ आहे. पंधराव्या वर्षी भरलेले २ लाख एवढं काम करत नाहीत, कारण तोवर बहुतेक व्याज भरून झालेलं असतं.

वैयक्तिक कर्जदाराच्या फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही. फिक्स्ड दराला लागू शकतो, ते केएफएसमध्ये बघा.

आयकराबद्दल: नव्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वजावट नाहीच. जुन्या पद्धतीत कमाल २ लाख. तुमचं पहिल्या वर्षीचं व्याज ४.२१ लाख, म्हणजे निम्म्याहून जास्त व्याजाला तिथेही सूट नाही. ३० टक्क्यांच्या टप्प्यात असलात तरी सूट वाचवायला व्याज भरत राहणं म्हणजे ३१ रुपये वाचवायला १०० घालवणं.

सावकाश:
वरच्या सगळ्याशी सहमत, पण एका ठिकाणी थांबवतो. १ कोटी ४ लाख हा आकडा वीस वर्षांवर पसरलेला आहे. महागाई ५ टक्के धरली तर त्या २४० हप्त्यांची आजची किंमत साधारण ६६ लाख. म्हणून कर्ज फेडायच्या घाईत हात रिकामा करू नका. आधी सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेवा. मग क्रेडिट कार्ड किंवा वैयक्तिक कर्ज असेल तर ते फेडा. नंतर गृहकर्ज. गृहकर्जात भरलेला पैसा अडचणीत परत मिळवायचा तर टॉप-अपसाठी (त्याच घरावर जादा कर्जासाठी) पुन्हा अर्ज, पुन्हा उत्पन्नाची तपासणी, आणि नोकरी गेलेली असताना तो मिळत नाही.

बोनस अनियमित असेल तर ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज विचारा. जादा पैसे खात्यात पडून असेपर्यंत तेवढ्यावर व्याज लागत नाही आणि गरज पडली तर काढता येतात. दर थोडा जास्त असतो. खात्यात सरासरी दोन-तीन लाखही राहणार नसतील तर साधं कर्जच बरं.

रेपोवाला:
पुढे कधी बॅलन्स ट्रान्सफरचा, म्हणजे बाकी कर्ज दुसऱ्या बँकेत नेण्याचा, विचार आला तर एक सापळा लक्षात ठेवा. समजा ४० लाख आणि १५ वर्षं बाकी आहेत, दर ९, हप्ता ४०,५७१. दुसरी बँक ८.५ देते. मुदत १५ च ठेवली तर हप्ता ३९,३९० आणि १५ वर्षांत २.१३ लाखांचा फायदा, त्यातून नवी प्रोसेसिंग फी आणि पुन्हा ०.३ टक्के मुद्रांक वजा. पण नवी बँक हौसेने २० वर्षं देते, हप्ता ३४,७१३ दिसतो आणि माणूस खूश होतो. एकूण भरणा मात्र ७३ लाखांवरून ८३.३ लाखांवर जातो. दर कमी करून दहा लाख जास्त.

त्याआधी स्वतःच्या बँकेला लेखी विचारा की नव्या ग्राहकांना जो स्प्रेड देता तो मला द्या. थोडी कन्व्हर्जन फी घेऊन बऱ्याच बँका देतात, आणि कागद हलवावे लागत नाहीत.

दस्तनोंदणी:
आणि कर्ज संपल्यावर: १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम असा, की पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागद परत मिळायला हवेत आणि बोजाही (गहाणाची नोंद) उतरवायला हवा. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. म्हणून आज कागद देतानाच मूळ करारनामा, इंडेक्स टू (दस्तनोंदणीचा उतारा), सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट यांची पानांच्या संख्येसह यादी करून बँकेच्या सही-शिक्क्याची पोच घ्या. फेडीनंतर ना-देय दाखला, दुय्यम निबंधकाकडचा बोजा, सोसायटीच्या दप्तरातली नोंद आणि क्रेडिट रिपोर्टमधलं "बंद" हे चारही तपासा. सोसायटीतली नोंद सगळ्यात जास्त राहून जाते आणि घर विकताना तिथेच व्यवहार अडतो.