मदत हवी आहे: परीक्षेला कोर्टाच्या आदेशाने पोलीस संरक्षण, पण केंद्र कोणाच्या हद्दीत?

नमस्कार मंडळी. आम्ही कळव्याला राहतो. धाकट्या बहिणीची भरती परीक्षा मागच्या वेळी केंद्रावरच्या गोंधळात अर्धवट राहिली. गेटवर जमाव, आत आरडाओरडा, पोरी रडत बाहेर आल्या. काही उमेदवार हायकोर्टात गेले आणि आता फेरपरीक्षा पोलीस बंदोबस्तात घ्या असा आदेश झालाय.

अडचण अशी की तिचं केंद्र ऐरोलीत आलंय. ऐरोली जिल्ह्याने ठाणे, पण पोलीस आयुक्तालय नवी मुंबईचं. आदेशात म्हणे 'ठाणे पोलीस' असंच लिहिलंय. मग बंदोबस्त कोण देणार? परीक्षा घेणाऱ्यांना फोन केला तर 'होईल सगळं' एवढंच उत्तर मिळालं. त्यावर माझा विश्वास नाही, मागच्या वेळीही हेच ऐकलं होतं.

कोणी वकील किंवा पोलीस खात्यातले असतील तर सांगा. याचिकेत आमचं नाव नाही, तरी आदेशाची प्रमाणित प्रत मिळते का? ती जोडून रबाळे पोलीस ठाण्यात अर्ज द्यावा की थेट आयुक्तालयात? केंद्राभोवती जमावबंदीचं कलम १६३ (पूर्वीचं १४४) लागलं तर पालकांनी किती लांब थांबायचं?

परीक्षा रविवारी आहे, त्यात ट्रान्स हार्बर लोकल मार्गावर मेगाब्लॉक असला तर रिक्षानेच जावं लागेल. वयोमर्यादेमुळे तिची ही शेवटची संधी आहे. दोन वर्षं पहाटे चारला उठून अभ्यास केलाय तिने. कृपया माहिती असेल त्यांनीच लिहा, आजच हवी आहे.