युनियन रजिस्टर झाली, पण मान्यता नाही. अर्ज कुठे आणि कसा करायचा?

प्रश्न
महाराष्ट्रातला कारखाना, मस्टरवर १८० कायम कामगार. आमची युनियन रजिस्टर आहे, सभासद ७०. एक जुनी अंतर्गत युनियनही आहे. मान्यता दोघींनाही नाही. मागणीपत्र दिलं की व्यवस्थापन म्हणतं, 'तुम्ही मान्यताप्राप्त नाही.' मान्यता देतं कोण, कंपनी की लेबर ऑफिस?

उत्तर १
दोघंही नाहीत. महाराष्ट्राच्या १९७१ च्या मान्यता व अनुचित प्रथा (कायद्याने मनाई केलेलं वर्तन) कायद्याखाली ती औद्योगिक न्यायालय देतं. मान्यता म्हणजे कामगारांच्या वतीने वाटाघाटी करायचा हक्क. रजिस्ट्रेशन ही वेगळी गोष्ट, त्याने युनियनला फक्त कायदेशीर अस्तित्व मिळतं.

मागच्या बारा महिन्यांत कुठल्याही दिवशी ५० किंवा जास्त कामगार असतील तर कायद्यातला मान्यतेचा भाग लागू होतो. कलम ११ ची अट: अर्जाच्या महिन्याआधीचे सलग सहा कॅलेंडर महिने किमान ३० टक्के सभासद. जुलैत अर्ज केला तर जानेवारी ते जून, प्रत्येक महिन्यात. तुमच्याकडे ५४ पुरतात, पण एखाद्या महिन्यात ५३ झाले तरी अर्ज अडतो.

अर्ज आल्यावर नोटीस बोर्डावर लागते, हरकती मागवतात. दुसरी युनियनही तेव्हा दावा करू शकते. मग जिची सभासदसंख्या जास्त, तिला मान्यता. आणखी एक: अर्जाआधीच्या सहा महिन्यांत बेकायदा संपाला चिथावणी किंवा साथ दिली असेल तर मान्यता मिळत नाही. म्हणून तोवर घाईने काम बंद पाडू नका.

उत्तर २
खरी लढाई पावत्यांवर होते. या कायद्यात गुप्त मतदान नाही. न्यायालयाचा अन्वेषण (तपास) अधिकारी पावती पुस्तकं, सभासद नोंदवही, कॅशबुक, बँकेतला भरणा ताडून बघतो. वर्गणी महिन्याला किमान ५० पैसे, म्हणजे रकमेचा प्रश्नच नाही. प्रश्न थकबाकीचा. सहा महिन्यांत तीन महिन्यांपेक्षा जास्त वर्गणी थकली की तो माणूस कायद्याने सभासद धरला जात नाही. नाव नोंदवहीत असूनही मोजणीत गळतो.

सहा महिन्यांच्या पावत्या एका बैठकीत, एकाच पेनाने फाडलेल्या असल्या की विरोधी वकील पहिलं बोट तिथेच ठेवतो. पावतीचे नंबर क्रमाने आणि तारखेनुसार हवेत, जमा झालेली रक्कम त्याच महिन्यात बँकेत भरलेली हवी. कार्यकारिणीची बैठक तीन महिन्यांत एकदा तरी झाली पाहिजे आणि ठराव मिनिट बुकात हवेत. एकच कामगार दोन्ही युनियनच्या यादीत असेल तर त्याचा लेखी राजीनामा आधीच घेऊन ठेवा.

प्रश्नकर्ता
६० कंत्राटी कामगारही आमच्याकडे यायला तयार आहेत. त्यांना धरायचं का?

उत्तर २
त्यांच्या जोरावर आकडा गाठायचा बेत करू नका. ते मूळ कंपनीचेच कामगार आहेत हे वादातीत नसेल तर या कायद्याखाली त्यांची तक्रार चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये सिप्ला प्रकरणात सांगितलंय. संघटित जरूर करा, पण मोजणीच्या यादीत मिसळलंत तर सगळी यादीच संशयात येते.

उत्तर ३
केंद्राची औद्योगिक संबंध संहिता, २०२० विसरू नका. ती २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू आहे. तिच्या कलम १४ नुसार एकापेक्षा जास्त युनियन असतील तर मस्टरवरच्या ५१ टक्के कामगारांचा पाठिंबा असलेली एकटी वाटाघाटी करते. कुणाकडेच तेवढे नसतील तर किमान २० टक्के पाठिंबा असलेल्या युनियनांची वाटाघाटी परिषद बनते. तुमच्या बाबतीत ५१ टक्के म्हणजे ९२ कामगार, २० टक्के म्हणजे ३६. संहितेने रद्द केलेल्या कायद्यांत १९२६ (ट्रेड युनियन), १९४६ (स्थायी आदेश) आणि १९४७ (औद्योगिक विवाद) चे केंद्रीय कायदे आहेत, महाराष्ट्राचा १९७१ चा नाही. म्हणजे दोन्हींचा विचार करावा लागेल. त्यामुळे ५४ वर थांबू नका, ९२ चं लक्ष्य ठेवून सभासद करा.

आणि मान्यता येईपर्यंत हात बांधलेले नाहीत. १९७१ च्या कायद्याच्या कलम २२ नुसार बिगरमान्यता युनियनलाही सभासदाच्या बडतर्फी, कामगार कपात, निलंबनाबद्दल मालकाशी बोलता येतं, खातेनिहाय चौकशीत त्याच्या बाजूने उभं राहता येतं. मान्यता मिळाल्यावरही कंपनीने प्रामाणिकपणे बोलणी नाकारली, तर ती अनुचित प्रथा. तक्रार ९० दिवसांच्या आत करायची.