सिटकॉमच्या श्रेयनामावलीत इतके 'प्रोड्यूसर' कशाला?

टीव्हीखोर: अमेरिकन सिटकॉममध्ये पहिल्या सीझनचा 'स्टोरी एडिटर' तिसऱ्यात 'को-प्रोड्यूसर' होतो, पुढे 'को-एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर'. हा माणूस लिहितो की पैसे सांभाळतो?

जिना: लिहितो. ही बहुतेक बढतीची नावं आहेत. खालून वर: स्टाफ रायटर, स्टोरी एडिटर, एक्झिक्युटिव्ह स्टोरी एडिटर, को-प्रोड्यूसर, प्रोड्यूसर, सुपरवायझिंग प्रोड्यूसर, को-एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर, एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर. शेवटच्यांपैकी जो मालिका हाकतो तो शोरनर. बजेट सांभाळतो तो 'लाइन प्रोड्यूसर'. मात्र एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर म्हटला की लेखकच, असंही धरू नका. नटाचा मॅनेजरही त्या यादीत सापडतो.

ग्लेन आणि लेस चार्ल्स हे भाऊ बघा. आधी दुसऱ्यांच्या मालिकांसाठी लेखन, मग 'टॅक्सी' मालिकेचे प्रोड्यूसर, आणि 1982 मध्ये दिग्दर्शक जेम्स बरोज यांच्यासोबत स्वतःची 'चीअर्स'. ती 11 सीझन चालली.

टीव्हीखोर: मग वरच्या पायरीवर काम बदलतं ते काय?

दुसरा_खर्डा: स्टाफ रायटरचं काम म्हणजे रायटर्स रूममध्ये बसून विनोद आणि प्रसंग सुचवणं. वर गेलं की कास्टिंग, सेट, एडिटिंग यांत शब्द चालतो. प्रेक्षकांसमोर होणाऱ्या मल्टिकॅमेरा (एकाच वेळी अनेक कॅमेऱ्यांनी टिपलेल्या) मालिकेचा आठवडा साधारण पाच दिवसांचा: पहिल्या दिवशी टेबल रीड (नट टेबलाभोवती बसून स्क्रिप्ट वाचतात), मग तालमी आणि रन-थ्रू (सलग तालीम), चौथ्या दिवशी कॅमेरा ब्लॉकिंग (नट आणि कॅमेरे कुठे असतील ते ठरवणं), पाचव्या दिवशी शूटिंग. रोज संध्याकाळी पुनर्लेखन. संवाद डबल स्पेसमध्ये, म्हणून 22 मिनिटांच्या भागाला 45-50 पानं लागतात.

घोळ होतो तो चौथ्या दिवशी. टेबल रीडला खो-खो हसवलेला विनोद दहाव्यांदा ऐकून खोलीत कुणी हसत नाही. मग तो काढून कमअस्सल पण 'नवा' विनोद घालतात. पाचव्या दिवशीचा प्रेक्षक तर पहिल्यांदाच ऐकणार असतो! चांगला शोरनर इथे हात आखडतो. शूटिंगला एखाद्या ओळीवर प्रेक्षक हसलेच नाहीत, तर लेखक सेटवरच घोळका करून दुसरी देतात आणि पुढचा टेक होतो. ओळीतला हसवणारा शब्द शेवटी हवा, कारण त्यानंतरचं सगळं हशात बुडतं.

जिना: एक भर. मालिका बंद पडली की नव्या ठिकाणी अनेकदा तीच पायरी पुन्हा चढावी लागते. सीझन छोटे झाल्यापासून हे फारच बोचतं. 2023 चा अमेरिकन पटकथालेखकांचा संप 148 दिवस चालला, त्यात हाही मुद्दा होता. नंतरच्या करारात खोलीत किमान किती लेखक हे भागांच्या संख्येवर ठरलं: 6 पर्यंत भाग असतील तर 3, 7 ते 12 ला 5, 13 पासून पुढे 6. एकाच लेखकाने सगळे भाग लिहिले तर सूट. स्टाफ रायटरला स्क्रिप्टचे वेगळे पैसेही त्याच करारात मिळाले; त्याआधी ते त्याच्या आठवड्याच्या पगारातच जिरवले जायचे.