'पेशंट दगावला': दगा कुणाचा?

सबटायटलवाला
'ग्रीन फॉर डेंजर' (१९४६) या जुन्या ब्रिटिश रहस्यपटाची मराठी सबटायटलं करतोय. ऑगस्ट १९४४, आकाशातून उडते बॉम्ब, खेड्यातलं इस्पितळ. जखमी पोस्टमन ऑपरेशनच्या टेबलावर भूल देतानाच मरतो. मी लिहिलं, 'पेशंट दगावला.' तपासणाऱ्या बाईंनी खाली रेघ मारली: 'दगा म्हटलात, म्हणजे खून झाला हे फोडलंतच की!' मला तर हा वॉर्डातला साधा शब्द वाटला होता. काय करू?

निवृत्त सिस्टर
वॉर्डात आम्ही 'एक्स्पायर झाला' म्हणायचो. नातेवाइकांना 'गेले'. 'दगावला' दुसऱ्या दिवशी पेपरात यायचं.

चिकित्सक
दगा फारसी, धातू त्यावरूनच. पण फसवतो कोण? माझ्या मते जीवच. इतके दिवस साथ दिली न् ऐनवेळी दगा दिला. मारेकरी लागत नाही.

माळावरचा
आमच्याकडे बैल दगावतो, शेरडू दगावतं, तान्हं मूल दगावतं. आजोबा मात्र वारतात. आजोबा दगावले म्हटल्यावर थोरल्या काकांनी माझ्या कानाखाली काढली होती. पोस्टमनला बैलाच्या पंगतीला बसवू नका.

तिरकस
फोडण्यासारखं राहिलंय काय? पिक्चर सुरू होतानाच इन्स्पेक्टर कॉक्रिल निवेदनात सांगतो, पोस्टमन पहिला मरणार म्हणून.

सबटायटलवाला
प्रेक्षकाला ठाऊक असतं, पात्रांना नाही ना! भूल देणारे डॉ. बार्न्स तर आपलीच चूक झाली असेल म्हणून धास्तावलेत. त्यांच्या देखत 'दगा' कसा येईल? सिस्टर बेट्स पुढे पार्टीत ओरडून सांगते, हा खून आहे. तोवर शब्द कोराच हवा.

शुद्धमराठी
'मृत्यू पावला' लिहा. दगा फारसी, खून फारसी, मयत अरबी. मराठी माणसाला मरायलाही परका शब्द लागतो!

तिरकस
मृत्यू संस्कृत. अस्सल हवा तर 'गचकला' घ्या.

वऱ्हाडी ठेचा
आमच्याकडच्या बातम्यांत 'मर्ग दाखल' असतं. पुण्याच्या भाच्याला वाटलं, कुणी मर्ग नावाचा आरोपी पकडला.

निवृत्त सिस्टर
पश्चिम महाराष्ट्रात त्यालाच 'अकस्मात मृत्यूची नोंद' म्हणतात. भाजलेली बाई महिनाभर तळमळून गेली तरी कागदावर अकस्मातच.

चिकित्सक
पेपरवाल्यांचं 'अपघात की घातपात?' घ्या. 'घात' दोन्हीत आहे, मूळ हन्, मारणे. म्हणजे अपघातातही कुणीतरी मारतंच! आपण रोज वापरून त्याची धार घालवली. दगावण्याचं तेच झालं. मूळ उकरून शब्दाला आरोपी करू नये.

माळावरचा
घातपात म्हणजे रुळाच्या फिशप्लेटा काढणं. माणसाच्या जिवाला होतो तो दगाफटका.

शुद्धमराठी
'फटका' तरी आपला आहे ना?

चिकित्सक
आहे, पण तो दग्याला चिकटूनच येतो. शिवाय 'संशयास्पद मृत्यू' म्हणजे ज्यावर संशय घ्यावा असा. हल्ली 'संशयित मृत्यू' लिहितात. जणू मृत्यूलाच चौकशीला बोलावलंय.

सबटायटलवाला
तूर्त 'पेशंट गेला' टाकलंय. बाईंनी समासात लिहिलंय: 'कुठे?'

तिरकस
बाईंना सांगा, शवागारात. आणि खुनी कोण ते इथे कुणी लिहू नका, माझा पिक्चर अर्धाच झालाय.