मदत हवी आहे : मार्विन गेचा 'व्हॉट्स गोइंग ऑन' लॉसलेसमध्ये सलग कसा ऐकावा?

नमस्कार मंडळी,

ऑडिओतल्या जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावं. अमेरिकन सोल गायक मार्विन गेचा 'व्हॉट्स गोइंग ऑन' (१९७१) हा अल्बम मी स्वतःच्या सीडीवरून काढलेल्या फ्लॅक फायलींमधून ऐकते. फ्लॅक लॉसलेस असते, म्हणजे फाइल लहान करताना आवाजातलं काहीच गाळत नाही. दर्जा सीडीचाच, १६ बिट / ४४.१ किलोहर्ट्झ. आवाज अप्रतिम येतो. पण एक गाणं संपून दुसरं सुरू होताना मध्ये क्षणभर सगळं गप्प होतं. एरवी मी लक्षही दिलं नसतं, पण हा अल्बम त्या खंडाने अक्षरशः मोडतो.

ज्यांनी ऐकला नसेल त्यांच्यासाठी थोडंसं. गाणी ९, वेळ जेमतेम ३५ मिनिटं, आणि बहुतेक गाणी थेट एकमेकांत शिरतात. व्हिएतनामहून घरी आलेल्या सैनिकाच्या नजरेतून सगळं चाललंय. मार्विनचा भाऊ फ्रँकी त्या युद्धावर जाऊन आला होता. 'सेव्ह द चिल्ड्रन'मध्ये मार्विन ओळ आधी बोलतो, मग तीच गातो. एकाच माणसाचे दोन आवाज! शीर्षकगीतातही त्याचे दोन आवाज एकमेकांवर आहेत. इंजिनिअरने त्याच्या गाण्याची दोन वेगळी ध्वनिमुद्रणं चुकून एकत्र वाजवले आणि मार्विनला ते इतकं आवडलं की तसंच ठेवलं. लॉसलेसमध्ये हे दोन आवाज सुटे ऐकू येतात, खाली जेम्स जेमरसनचा बास स्वतःचं वेगळंच गाणं म्हणत असतो. ज्यांनी मोटाउन या रेकॉर्ड कंपनीची एवढी गाणी वाजवली, त्या फंक ब्रदर्स नावाच्या वादकांची नावं वेष्टणावर छापली गेली ती या अल्बमपासून. म्हणून मला यातलं काहीही निसटायला नको आहे.

जोडणी अशी आहे : अँड्रॉइड फोन, यूएसबी डॅक (फाइलमधल्या आकड्यांचा आवाजाचा सिग्नल करणारं छोटं उपकरण), वायरचा हेडफोन. घरी तोच फोन वाय-फायवरून ॲम्प्लिफायरला गाणी पाठवतो. खंड दोन्हीकडे पडतो, वाय-फायवर जास्त. फायली पुन्हा काढू का? आणि २४ बिट / १९२ किलोहर्ट्झची आवृत्ती विकत घेण्यात अर्थ आहे का?

प्रतिसाद १

ताई, फायली ठीक असणार. एमपी३ बनवताना गाण्याच्या सुरुवातीला आणि शेवटी थोडी शांतता चिकटते, फ्लॅकमध्ये तसं होत नाही. दोष प्लेअरचा आहे : तो पुढची फाइल उशिरा उघडतो. सेटिंगमध्ये 'गॅपलेस' (खंड न पाडता वाजवणं) शोधा. 'क्रॉसफेड' मात्र बंद ठेवा, त्याने गाण्यांची टोकं एकमेकांत कालवली जातात.

वाय-फायवर पुढचं गाणं आधीच मागून ठेवण्याचं काम ॲम्प्लिफायरचं. त्याला ते जमत नसेल तर फोनवर काहीही बदलून उपयोग नाही. तिथे रामबाण उपाय एकच : अख्खी सीडी एकाच फ्लॅक फाइलमध्ये काढा, सोबत क्यू शीट (कोणतं गाणं कुठे सुरू होतं ते सांगणारी छोटी फाइल) ठेवा.

तपासताना 'सेव्ह द चिल्ड्रन' ते 'गॉड इज लव्ह' हा सांधा ऐका. सहाव्या आणि सातव्या गाण्यामधल्या शांततेवर जाऊ नका. तिथे एलपीची पहिली बाजू संपते.

प्रतिसाद २

१९२ च्या मागे लागू नका. ४४.१ म्हणजे सेकंदाला ४४,१०० नमुने, त्यात २२ किलोहर्ट्झपर्यंतचा आवाज मावतो, माणसाचा कान २० च्या पुढे जात नाही. फरक पडतो तो मास्टरिंगने, म्हणजे छापण्याआधी आवाजावर फिरवलेल्या शेवटच्या हाताने. त्या पैशांत २००१ ची डीलक्स आवृत्ती मिळाली तर घ्या. त्यात मूळ डेट्रॉइट मिक्स (आवाज आणि वाद्यांची तिथे केलेली जुळणी) आहे. बाजारात आलेलं मिक्स नंतर लॉस एंजेलिसमध्ये केलेलं, दोन्ही लागोपाठ ऐकण्यासारखी आहेत.

आणखी एक : बरेच अँड्रॉइड फोन सगळा आवाज आधी ४८ किलोहर्ट्झमध्ये बदलून मगच डॅककडे देतात. डॅकशी थेट जोडणारं ॲप वापरा. डॅकवर वारंवारता दिसत असेल तर ४४.१ दिसायला हवं.

धागाकर्ती

दोघांचेही मनापासून आभार. हेडफोनवर गॅपलेस चालू केलं आणि तो सांधा एकसंध आला! डॅकवर मात्र ४८ च दिसतंय, तेव्हा ॲप बदलते. वाय-फायसाठी एकच फाइल काढली, तीही सलग वाजते, पण ॲम्प्लिफायर क्यू शीट वाचत नाही, त्यामुळे मधल्या एखाद्या गाण्यावर थेट जाता येत नाही. यावर कुणाकडे काही उपाय आहे का?