मदत हवी आहे : गृहकर्ज १५ वर्षं की २०?

जुळे सोलापुरात फ्लॅट बघितलाय. २५ लाखांचं कर्ज, ८.५ टक्के, फ्लोटिंग (म्हणजे बदलता) दर. २० वर्षांचा हप्ता साधारण २१,७०० रुपये, म्हणजे व्याजच २७ लाखांवर! पहिल्या हप्त्यातले १७,७०८ रुपये व्याजाचे, मुद्दलात जेमतेम चार हजार. १५ वर्षं घेतली तर हप्ता २४,६०० च्या आसपास, व्याज मात्र १९ लाखांवर येतं.

बँकवाले २० च घ्या म्हणतात (म्हणणारच की ओ). फ्लोटिंगला मुदतपूर्व परतफेडीचा दंड नसतो, मग २० वर्षं घेऊन दरवर्षी बोनस मुद्दलात भरावा का? भरल्यावर हप्ता कमी करून घ्यायचा की मुदत? विमा, सोसायटीचा मेंटेनन्स वेगळाच. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची वजावटही नाही. कर्ज फेडलेल्यांनी कृपया सांगा.